हातानं तर सगळेच करत्यात

माणसाला तहान लागली तर तो उठतो, रांजणात तांब्या बुडवतो आणि पाणी पितो. आमचे धाकटे दीर विष्णू यांना एवढं सरळ काम उभ्या जन्मात जमलं नाही. गेल्या दिवाळीच्या तोंडावर ते गेले. भेटायला आलेली माणसं त्यांच्या यंत्रांच्या गोष्टी काढून हसत होती, आणि मयताच्या घरात हसू नये म्हणून तोंडाला पदर लावत होती. मी हसले नाही. त्यांच्या घराची आणि माझ्या घराची भिंत एकच. त्या भिंतीपलीकडची ठोकाठोक ज्यांनी जन्मभर ऐकली नाही, त्यांनी खुशाल हसावं.

आमचं घर निमगाव केतकीच्या कडेला. वाटण्या झाल्या तेव्हा अंगण एक राहिलं, भिंत एक राहिली, चुली दोन झाल्या. विष्णू भवानीनगरला कारखान्यात फिटर होते. गाव त्यांना तात्या म्हणायचं. मी तोंडावर भावजी म्हणायची, पण इथं तात्याच म्हणते. कारखान्यात म्हणे ते अगदी सरळ काम करायचे. नट ढिला असेल तर आवळायचा, पट्टा तुटला तर बदलायचा, आणि घरी यायचं. सगळा वाकडेपणा त्यांनी घरासाठी राखून ठेवला होता.

त्या रांजणाचंच सांगते. रांजणाशेजारी त्यांनी सायकलचं पायडल बसवलं. पायडल दाबलं की साखळी फिरायची, साखळीनं चाक फिरायचं, चाकाला बांधलेलं ओगराळं पाण्यात बुडून वर यायचं आणि पत्र्याच्या पन्हाळीत ओतायचं. पन्हाळीतून पाणी नळीत, नळीतून पेल्यात. पेला भरला की त्याच्या वजनानं खालची फळी दबायची आणि घंटी वाजायची. पेला हाताच्या अंतरावर होता, भरलेला डोळ्यांना दिसत होता. मी विचारलं, मग घंटी कशाला? तर म्हणाले, माणूस तोवर दुसऱ्या कामाला लागलेला असतो. पायडल दाबायला माणूस तिथंच उभा पाहिजे, हे त्यांच्या ध्यानात आलं नव्हतं. ध्यानात आणून दिल्यावर ते नाराज झाले नाहीत. उलट खूश झाले. म्हणाले, व्हय की, मग पायडल दाबायला आणखी एक कायतरी करायला लागंल.

माझी जाऊ शालन त्या यंत्राच्या बाजूनं हात घालून तांब्या बुडवायची. अर्धं पाणी पन्हाळीतून सांडायचं ते तीच पुसायची. मी तिला म्हणायची, अगं, फेकून दे ते. ती म्हणायची, फेकलं तर नवीन करतील, हे निदान माहितीतलं हाय.

कुणी त्यांना विचारलं की एवढ्या कामाला यंत्र कशाला, हातानं का करत नाही, तर त्यांचं उत्तर ठरलेलं. "हातानं तर सगळेच करत्यात." आणि यंत्र चाललं नाही की दुसरं ठरलेलं. "जमंल. एक कप्पी कमी पडतीया." मी त्यांच्या घरात इतक्या कप्प्या बघितल्या की गावातल्या सगळ्या विहिरींना पुरून उरल्या असत्या. तरी एक कमीच.

आमच्या अंगणात पेरूचं झाड होतं. पोपट यायचे. लोक झाडाला डबा बांधतात, डब्यात खडे घालतात, दोरी घरात आणतात, आणि अधूनमधून दोरी ओढतात. संपला विषय. तात्यांनी दोरी ओढायची नाही असं ठरवलं. नळाखाली एक बारकी बादली टांगली. थेंब थेंब पाण्यानं ती भरायची, भरली की कलंडायची, कलंडताना दांडा ओढायची, दांड्यानं सायकलची रिम फिरायची, आणि रिमला बांधलेल्या लोखंडी पळ्या पत्र्यावर आपटायच्या. आवाज भयंकर व्हायचा. आमची म्हैस दूध चोरायला लागली. पोपट मात्र दोन दिवस घाबरले आणि तिसऱ्या दिवशी त्या रिमवर येऊन बसले. बादली कलंडली की रिम फिरायची, पोपट तिच्याबरोबर अर्धा फेरा मारायचे आणि परत पेरूवर जायचे. शालननं मला हाक मारून ते दाखवलं. तात्या खाली उभे राहून बघत होते. पेरू गेल्याचं त्यांना काहीच नव्हतं. म्हणाले, "वैनी, पाळण्यात बसल्यागत बसलेत बघा."

यंत्र करत असताना त्या माणसाचं तोंड बघण्यासारखं असायचं, एवढं मी कबूल करते. कारखान्यातल्या पाळीवरून पार वाळून आलेला माणूस पाना हातात घेतला की ताठ व्हायचा. शिट्टी वाजवायचे, एकच चाल, तीही अर्धी. जेवायला हाक मारली तर आलो म्हणायचे आणि यायचे नाहीत. कुणावर ओरडायचे नाहीत. यंत्र पुरं झालं की दोनच दिवस आनंद. मोडलं की महिनाभर, कारण मग ते परत करता यायचं.

आमच्याकडं पानमळे फार. हसनभाई तांबोळी खायच्या पानांचा व्यापार करायचे, त्यांच्या पडवीत बायका पानं मोजून थप्प्या लावायला बसायच्या. त्या बायकांची बोटं इतकी चालतात की डोळा मागं राहतो. तात्यांना वाटलं, इथं यंत्र पाहिजे. दोन महिने खपून त्यांनी रबरी चाकाचं एक यंत्र नेलं. पहिलं पान फाटलं. दुसरं चाकाला चिकटून चार वेळा मोजलं गेलं. तिसरं कुठं गेलं ते कळलं नाही. तोवर शेजारच्या म्हातारीची पाटी भरून झाली होती. हसनभाई भला माणूस. त्यांनी तात्यांना चहा पाजला, यंत्राभोवती एक फेरी मारली आणि म्हणाले, "तात्या, यंत्र लई झ्याक हाय. फकस्त त्यात पानं घालू नगा." तात्या हे घरी येऊन स्वतःच सांगत होते. त्यांना फक्त पहिला अर्धा भागच ऐकू आला होता.

असं हे सगळं. कुणाचं वाईट झालं नाही, कुणाचं भलंही झालं नाही. पण त्यांची मुलगी मनीषा लग्नाला आली आणि मग यंत्र हसण्यावारी न्यायची गोष्ट राहिली नाही.

मनी उशिरा झालेली, एकुलती. जन्मतःच तिचा उजवा पाय आखूड. पुण्याला नेलं, डॉक्टरांनी जाड तळाचा बूट दिला. तो तिनं घातला, पण चालताना एका अंगाला झुकायची ती झुकायचीच. बाकी पोरगी खणखणीत. बारावी झाली, आईबरोबर शिवणकाम करायची, आणि बापाला पाना-पक्कड काढून देता देता तिला त्या लोखंडातलं बरंच कळायला लागलं होतं. बापाला चुकलं म्हणून सांगायची हिंमत त्या घरात फक्त तिला होती.

मुलगी बघायला माणसं येतात तेव्हा मुलीनं आतून चहा आणायचा, ही रीत. चहा निमित्ताचा. माणसांना मुलगी चालताना बघायची असते. मनीच्या पायाचं आमचे मध्यस्थ बबनराव आधीच सांगून ठेवायचे. तरी माणसं यायची. आणि ती ट्रे घेऊन आली की ट्रेकडं न बघता पायाकडं बघायची. स्वयंपाकघरापासून पुढच्या खोलीतल्या खुर्च्यांपर्यंत असं कितीसं अंतर. पण तेवढ्यात ट्रे डुलायचा, कपातला चहा बशीत यायचा. एकदा एका मुलाच्या आत्यानं कप उचलून बघितला आणि म्हणाली, "चहा बशीतच दिलाय व्हय? बरं झालं, फुकायला नको." तिच्याबरोबरच्या बायका हसल्या. मनी ट्रे धरून उभी होती. तात्या खाली मान घालून अंगठ्यानं फरशी घासत होते.

ती माणसं गेल्यावर तात्या माझ्या उंबऱ्यात येऊन बसले. असं ते कधी बसायचे नाहीत. म्हणाले, "त्यांना सांगितलंय न्हवं पायाचं? मग परत चालवून कशाला बघायचं? बाजारात बैल चालवून बघत्यात, वैनी."

मी म्हणाले, मग तसं सांगा की त्यांना. आमची पोरगी चालून दाखवणार नाही म्हणावं. पटलं तर या, नाहीतर नका येऊ.

"तोंडानं सांगायला मला येत न्हाय," ते म्हणाले. आणि उठून गेले.

दुसऱ्या दिवसापासून भिंतीपलीकडं ठोकाठोक सुरू झाली. मला वाटलं होतं, बाप आहे, विचार करतोय. विचारच करत होते. त्यांचा विचार हातोडीनं व्हायचा.

त्यांनी स्वयंपाकघरातून मधल्या खोलीच्या चौकटीवरून पुढच्या खोलीपर्यंत जाड तार ताणली. थोडा उतार ठेवला. तारेवर दोन कप्प्या, कप्प्यांना चार साखळ्या, साखळ्यांत ट्रे. ट्रे आतून सोडला की तारेवरून हळू हळू सरकत बाहेर यायचा आणि पहिल्या खुर्चीसमोर थांबायचा. थांबला की बारकी घंटी वाजायची. पाहुण्यानं कप उचलला की ट्रे हलका व्हायचा, हलका झाला की अडकवलेली खुंटी सुटायची आणि ट्रे पुढच्या खुर्चीकडं जायचा. सगळे कप संपले की वाळूच्या डब्याच्या वजनानं ट्रे आपोआप मागं, आत. मनीनं आधीपासूनच पुढच्या खोलीत, खिडकीपाशी खुर्चीवर बसून राहायचं. उठायचं कारणच नाही.

या यंत्राला एक जड चाक लागत होतं, ट्रेचा वेग आवरायला. तसं चाक बारामतीच्या भंगारात मिळेना. शालनच्या शिवणयंत्राला होतं. ते शिवणयंत्र ती कुणाला शिवू द्यायची नाही, पुसायलाही नाही. मी त्या दिवशी तिथं होते. तात्या चाकाकडं बघत नुसते उभे राहिले. मागायचं त्यांच्या तोंडून येईना. शालननं हातातला ब्लाऊज बाजूला ठेवला, पाना मागून घेतला आणि स्वतःच्या हातानं चाकाचा स्क्रू ढिला करायला लागली. तेव्हा मला कळलं की या यंत्रावर तिचाही जीव लागलाय, आणि मला जास्तच थकल्यासारखं झालं. एक वेडा माणूस सांभाळता येतो. घरच वेडं झालं की काय करायचं?

महिनाभर तालीम चालली. चहाऐवजी पाणी. पाहुणी म्हणून मला बसवायचे. पहिल्या आठवड्यात सगळं पाणी माझ्या मांडीवर आलं. मग मनीनं खुंट्यांना सायकलच्या ट्यूबचं रबर लावायला सांगितलं, आणि ट्रे लोण्यातून सरकल्यासारखा यायला लागला. पाणी पिऊन पिऊन माझं पोट फुगलं. मी मनीला विचारलं, तुला हे पटतंय का? ती म्हणाली, "काकी, एकदा तरी कप भरलेला जाऊ दे त्यांच्या हातात." मग मी पुढचा कप उचलला.

मी तात्यांना एवढंच म्हणाले होते की, आजची चार पावलं झाकाल, लग्नानंतर रोज चालायचंय तिचं काय? त्यांनी ऐकलं नाही असं दाखवलं. म्हणाले, "जमंल, वैनी." कप्पी कमी पडतीया असं या वेळी म्हणाले नाहीत.

बबनरावांनी बारामतीचं स्थळ आणलं. मुलगा औषधाच्या दुकानात कामाला. वडील नाहीत. आई, मामा आणि मुलगा असे आले. मामाचं बारामतीत चहाचं हॉटेल, माणूस अंगानं मोठा, बोलणं त्याहून मोठं. बसल्या बसल्या त्यानं घराचा कोपरा न् कोपरा बघून घेतला, तारेकडं बघून विचारलं, कपडे वाळत घालता व्हय हितं? तात्यांनी मान हलवली. त्यांच्या कपाळावर घाम होता. मनी खिडकीपाशी बसली होती, साडीचा घोळ पायावर नीट ओढून. शालन आत. मी मधल्या दारात.

बबनरावांनी खाकरून आता चहा येऊ द्या म्हटलं. सगळ्यांनी दाराकडं बघितलं. आणि दारातून ट्रे एकटाच आला.

मी जन्मात तात्यांचं एक यंत्र धड चाललेलं बघितलं नव्हतं. त्या दिवशी ते चाललं. ट्रे डुलला नाही, अडला नाही. मामासमोर येऊन थांबला आणि घंटी वाजली. मामानं आधी वर बघितलं, मग खाली, मग कप उचलला. ट्रे पुढं सरकला. आई घाबरून मागं झाली, पण ट्रे तिच्यासमोर उभा. तिनं कप उचलला. मग मुलगा. मग बबनराव. एकाही बशीत थेंब नव्हता. रिकामा ट्रे मागं वळून आत गेला.

मामा हसायला लागला. पोट धरून, लहान पोरासारखा. "आयला, तात्या, परत सोडा की." परत सोडला. मामानं उठून तारेखालून चालत चालत ट्रेबरोबर आत जाऊन बघितलं, बाहेर आला. मग म्हणाला, भरलेला सोडा, जड सोडा, दोन कप ठेवा, एकच ठेवा. मुलगा स्टुलावर चढून खुंटी बघायला लागला. रबर कुठलं, उतार किती, चाक कशाचं. तात्या सांगत होते. बोलायला न येणारा तो माणूस त्या दिवशी दोन्ही हातांनी बोलत होता. त्यांचं तोंड उजळलं होतं. एवढ्या वर्षांत कुणी पहिल्यांदाच त्यांचं यंत्र शेवटपर्यंत ऐकून घेत होतं. आईसुद्धा म्हणाली, बायामाणसांचे हेलपाटे वाचतील हो. पोहे आले ते तारेवरून आले. पाणी आलं ते तारेवरून.

मी मनीकडं बघत होते. पहिल्यांदा तीही हसत होती. मग हसू राहिलं, पण डोळे कंटाळले. ती साडीचा घोळ धरून तशीच बसून होती. तिच्या शिक्षणाचं कुणी विचारलं नाही. तिनं शिवलेले कपडे शालननं मुद्दाम स्टुलावर ठेवले होते, ते मामानं बाजूला सारून स्टूल ओढलं. उन्हं कलली. माणसं निघाली. चपला घालताना मुलाच्या आईला आठवण झाली. ती वळून म्हणाली, "तुझं नाव काय गं?" मनीनं नाव सांगितलं. तेवढंच.

आठवड्यानं बबनराव आले. अंगणातच उभे राहिले, आत येईनात. मामाला तसलं यंत्र पाहिजे म्हणाले, हॉटेलात लावायला. तात्यांनी येऊन बसवून द्यावं.

शालननं विचारलं, "आन् पोरीचं?"

बबनराव म्हणाले, "पोरीचं काय बोलले न्हाईत. मी इचारलं तर मामा म्हणतो, पोरगी व्हती व्हय तिथं? खिडकीपाशी बसलेली तीच का?"

तात्या उभे होते. त्यांनी हातातलं फडकं उगीचच घडी घालून खांद्यावर टाकलं. मनी दारात आली. ती ओरडली नाही, रडली नाही. ती बापाला म्हणाली, "तात्या, नापास व्हायची सवय हाय मला. बघून न्हाय म्हणत्यात, म्हणू देत. पण न बघताच माणसं गेली, ही पहिलीच येळ." आणि आत जाऊन शिवणयंत्रापुढं बसली. त्याला चाक नव्हतं. तरी बसली.

त्याच दिवशी तात्यांनी तार उतरवली. शिवणयंत्राचं चाक पुसून, तेल घालून परत बसवलं. बारामतीला गेले नाहीत. संध्याकाळी भिंतीपाशी मला म्हणाले, "वैनी, यंत्र चाललं हो. एकदाबी अडकलं न्हाय."

मी म्हणाले, "चाललं म्हणूनच घात झाला, भावजी. मोडलं असतं तर तिनं उठून नीट केलं असतं. निदान दिसली असती."

हे बोलायला नको होतं का? मला नाही वाटत. खरं होतं ते.

त्यानंतर पार उन्हाळा सरेपर्यंत भिंतीपलीकडून आवाज आला नाही. मला बरं वाटलं, खोटं कशाला सांगू. दुपारी डोळा लागायचा. शालनला मात्र लागेना. म्हणायची, घरात माणूस असून नसल्यासारखं वाटतंय. तात्या रांजणातून तांब्यानं पाणी प्यायचे.

पुढचं स्थळ इंदापूरचं. दत्ता नावाचा मुलगा, टायर-पंक्चरचं दुकान. मनीनं आईला आधीच सांगून टाकलं की ट्रे मी नेणार नाही आणि यंत्रही नको. माणसं बसली तशी ती मोकळ्या हातानं आतून आली, त्यांच्यासमोरून दारापर्यंत गेली, परत आली, आणखी एकदा गेली, परत आली. मग म्हणाली, "मी अशी चालते. बघून झालं आसलं तर आई चहा आणती." मुलाच्या चुलतीनं तोंड वाकडं केलं, बबनरावांनी कपाळाला हात लावला. तात्या उंबऱ्यात पाठमोरे बसले होते, ते वळले नाहीत.

दत्तानं विचारलं, "दुखतं का?"

मनी म्हणाली, "थंडीत दुखतं."

बास. लग्न ठरलं. जावई सोन्यासारखा आहे असं मी म्हणणार नाही. तोंडाळ आहे, गिऱ्हाइकाशी भांडतो. पण विचारतो. पुष्कळांना तेवढंही येत नाही.

लग्नानंतर तात्यांची ठोकाठोक हळूहळू परत सुरू झाली. माणूस असा सुधारत नसतो. मी कानात कापूस घालायला लागले.

मनीच्या खुब्यामुळं तिचं बाळंतपण पोट फाडून झालं. डॉक्टरांनी प्रवास करू नका म्हटलं. म्हणून उलटं झालं, मुलगी माहेरी यायची ती आई-बापच तिच्याकडं इंदापूरला राहायला गेले. बारशाला मी एसटीनं गेले. गुडघे दुखत होते, जायचं मनात नव्हतं, पण शालननं तीनदा फोन केला. तिथून परत आल्यावर मग तात्यांना मी जिवंत बघितलं नाही, म्हणून ते बारसंच शेवटचं.

पाळणा हलवायला काय लागतं? दोरी लागते आणि हात लागतो. तात्यांनी कूलरची मोटार लावली होती. मोटारीला पट्टा, पट्ट्यावर चाक, चाकाला तिरका दांडा, दांड्याची दोरी छताच्या कप्पीवरून पाळण्याला. दोरी एकदा डावीकडं ओढायची, एकदा सोडायची. पाळणा हलत होता, खरं म्हणजे चांगला हलत होता. तात्या पाना घेऊन बाजूला उभे, खंगलेले, सदरा खांद्यावरून उतरलेला, आणि येईल त्या बाईला दांडा दाखवत होते. दत्ताची चुलती म्हणाली, पोरगी मोठी होऊन आईला नाही, मोटारीला आई म्हणंल. बायका हसल्या. तात्याही हसले.

पाळणा म्हणायला सुरुवात झाली आणि लाईट गेली. पंखा थांबला. मोटार थांबली. गाणं मात्र कुणी थांबवलं नाही, आणि पाळणाही थांबला नाही. हलतच राहिला.

चुलतीच्या ते ध्यानात आलं. "लाईट गेली तरी चालतंय की हो तुमचं!"

मी मनीच्या शेजारी कॉटवर बसले होते, म्हणून मला दिसलं. तिनं दांड्याची दोरी केव्हाच सोडवून घेतली होती. कॉटखालून ती दोरी तिच्या साडीच्या घोळात जात होती, आणि घोळाआड तिच्या उजव्या पायाच्या अंगठ्याला बांधलेली होती. पाय आखूड, जमिनीला टेकत नव्हता, त्यामुळं मोकळा हलत होता. ती बायकांबरोबर गाणं म्हणत होती. माझ्याकडं तिनं बघितलं नाही.

तात्या वाकले. त्यांनी पाळण्याची दोरी हातात धरली आणि तिच्यावरून बोट फिरवत कप्पीपर्यंत गेले. कप्पीपासून खाली आले. दोरी कॉटखाली वळत होती तिथं त्यांचं बोट थांबलं. थोडा वेळ ते तसेच वाकलेले होते. मग सरळ झाले.

"वजनावर चालतंय," ते चुलतीला म्हणाले. "लाईट लागत न्हाय त्याला."

त्या यंत्रात वजन कुठंच लावलेलं नव्हतं. हे त्यांना कुणी सांगायला नको होतं, यंत्र त्यांनीच केलेलं. त्यांनी पाना खिशात घातला, भिंतीला पाठ लावून उभे राहिले आणि बायकांचं गाणं संपेपर्यंत पाळण्याकडं बघत राहिले.